कॅमेऱ्यासाठी धरलेलं पिस्तूल

पोस्टरवरच्या इन्स्पेक्टरचं पिस्तूल हमखास गालाशेजारी असतं. कोपर दुमडलेलं, नळी आभाळाकडे, तर्जनी थेट चापावर. असं पिस्तूल घेऊन कुणी खरोखर दारातून आत घुसला आणि दाराआडून त्याच्या हाताला धक्का बसला, तर नळी त्याच्याच जबड्याखाली येईल. तोल सावरताना मूठ आपोआप आवळली जाते आणि मुठीबरोबर चापावरचं बोटही. तरी ही पोझ वर्षानुवर्षं टिकून आहे. तिचं कारण नेमबाजीत सापडणार नाही, ते चौकटीत आहे. क्लोजअपमध्ये चेहरा आणि हत्यार दोन्ही बसवायचे तर हत्यार चेहऱ्याजवळ आणावं लागतं. हात नीट पुढे लांब केला की एक तर पिस्तूल चौकटीबाहेर जातं, नाहीतर नायकाचं तोंड त्यामागे झाकलं जातं. नायकाचं तोंड झाकायला कोण तयार होईल?

पडद्यावरच्या नेमबाजीतल्या बहुतेक चुकांचा उगम असाच लागतो. पडद्याला काहीतरी दिसायला आणि ऐकायला हवं असतं, आणि चांगल्या पकडीत बघण्यासारखं फारसं काही नसतं. रेंजवर उत्तम नेमबाज शेजारी उभा असला तरी नवख्याला त्यातलं काही जाणवत नाही. माणूस हात वर करतो, थांबतो, हात खाली घेतो. मधे एकदा फट् असा आवाज होतो.

याहून मोठं कारण काडतुसात आहे. गोळी पुढे जाते म्हणून पिस्तूल मागे येतं. चित्रीकरणातल्या ब्लँकमध्ये दारू असते पण गोळी नसते, त्यामुळे हाताला मागे ढकलणारं फारसं काही उरत नाही. स्वयंचलित पिस्तुलाची स्लाइड (नळीवरचा मागे-पुढे सरकणारा धातूचा भाग) एवढ्या कमी जोरावर हलतही नाही, म्हणून अशा पिस्तुलांची नळी आतून अरुंद करून वायू कोंडवावा लागतो. हल्ली तर ब्लँकही टाळतात. ठिणगी आणि धूर मागाहून संगणकावर जोडले जातात. म्हणजे नटाच्या मनगटाला त्याची पकड चुकली हे सांगणारं कुणीच नसतं. खऱ्या ९ मिमीच्या दोन-तीन गोळ्या झाडल्यावर जे कुणालाही कळेल, ते शंभर चित्रपट करूनही कळत नाही. (ब्लँक निरुपद्रवी असतो हाही एक गैरसमजच. अमेरिकी अभिनेता जॉन-एरिक हेक्सम याने १९८४ मध्ये सेटवर ब्लँक भरलेलं रिव्हॉल्व्हर थट्टेत कानशिलाला लावून चाप ओढला आणि वायूच्या झोताने आणि ब्लँकमधल्या कागदी बोळ्याने त्याची कवटी फुटली. १९९३ मध्ये ब्रँडन ली गेला तो आधीच्या डमी (दारू नसलेल्या, दिखाऊ) काडतुसातली गोळी नळीत अडकून राहिली होती म्हणून. मागाहून झाडलेल्या ब्लँकने तिला बाहेर ढकललं.)

आता हातात नेमकं काय घडतं ते पाहू. पिस्तुलाची नळी मुठीच्या वर असते. गोळीचा मागे येणारा जोर नळीच्या रेषेत येतो आणि हात त्याला खालून अडवतो. या दोन रेषांमधल्या अंतरामुळे पिस्तूल मागे येता येता नाकाने वर उचललं जातं. अंतर जितकं कमी तितकी उसळी कमी. उंच पकड हवी ती एवढ्यासाठी. पण ही उसळी बहुतांशी गोळी गेल्यानंतरची असते. १०० ते ११५ मिमीच्या नळीतून ९ मिमीची गोळी एक हजारांश सेकंदाच्या आत बाहेर पडते; तेवढ्यात स्लाइड जेमतेम हलायला लागलेली असते. तेव्हा पहिली गोळी चुकली तर दोष उसळीला देता येत नाही. ती चुकते चाप ओढताना. ग्लॉक १७ या ९ मिमी पिस्तुलाचा चाप साधारण अडीच किलो जोर मागतो आणि गोळ्या भरलेलं ते पिस्तूल एक किलोसुद्धा भरत नाही. जी वस्तू स्थिर ठेवायची, तिच्या वजनाच्या अडीचपट जोर तिच्याच एका भागावर एका बोटाने लावायचा आहे. रिव्हॉल्व्हरचा घोडा (मागची हातोडी) न चढवता नुसता चाप ओढला तर हाच जोर साडेचार-पाच किलोंवर जातो. उरलेल्या हाताने पिस्तूल घट्ट धरलेलं नसेल तर बोट चापाऐवजी अख्खं पिस्तूलच ओढतं.

दोन हातांची पकड उजव्या माणसासाठी अशी लागते. आधी डाव्या हाताने पिस्तूल नळीपुढे हात न नेता उजव्या हातात बसवायचं, म्हणजे घाई होत नाही. अंगठा आणि तर्जनी यांमधली बेचकी मुठीच्या मागच्या बाजूला जेवढी वर जाईल तेवढी घट्ट सारायची. वर धातूची शेपटी असेल तर तिच्याखाली फट दिसता कामा नये. नळी आणि कोपरापर्यंतचा हात एका सरळ रेषेत यावेत. मधलं बोट चापाच्या कड्याला खालून दाबून बसतं, अनामिका आणि करंगळी त्याखाली. तर्जनी या सगळ्यात भाग घेत नाही. ती बाहेर, स्लाइडखाली सांगाड्यावर सरळ पडून राहते. नेम लागेपर्यंत तिने आत यायचं नाही.

एवढं झाल्यावर मुठीच्या डाव्या बाजूला थोडी जागा उघडी दिसते. बोटांची टोकं तिथवर पोचत नाहीत आणि उजवा तळहातही. ती जागा डाव्या तळहाताच्या गादीसाठी आहे. डावं मनगट पुढे-खाली झुकवून, बोटं जमिनीच्या दिशेने तिरकी करून गादी तिथे भरायची. मग डावी चार बोटं उजव्या तीन बोटांवरून गुंडाळायची. डावी तर्जनी चापाच्या कड्याखाली अगदी वर चिकटलेली. दोन्ही अंगठे डाव्या बाजूला, एकावर एक, टोकं लक्ष्याकडे. अंगठ्यांनी काहीही दाबायचं नाही. अंगठा स्लाइड रोखण्याच्या खिटीवर विसावला तर शेवटच्या गोळीनंतर स्लाइड मागे अडकत नाही. खालून वर दाबला गेला तर गोळ्या शिल्लक असतानाच अडकते. दोन्ही वेळा माणूस पिस्तुलाला नावं ठेवतो.

जोर किती लावायचा यावर शिकवणाऱ्यांत वाद आहेत. साठ टक्के डावा, चाळीस टक्के उजवा, असं बरेच जण सांगतात, पण टक्के मोजण्याचं साधन कुणाच्या मनगटात नसतं. त्यापेक्षा एक गोष्ट करून पाहावी. उजवी मूठ पूर्ण आवळा आणि तर्जनी भराभर आत-बाहेर करा. बोट जड, अडखळत हलेल. मूठ सैल करून पुन्हा करा. चापावरच्या बोटाला जो मोकळेपणा हवा तो उजव्या हाताच्या अतिजोराने मरतो. म्हणून उजवा हात घट्ट हस्तांदोलनाइतका, आणि बाकीचं आवळण्याचं काम डाव्याकडे, कारण त्याच्या बोटांना दुसरं कामच नाही. हात थरथरू लागला की थोडं कमी. मनगटं पक्की, कोपरं किंचित मोकळी, खांदे पायांपेक्षा जरा पुढे. नवखा माणूस बहुधा पोट पुढे काढून मागे रेलतो. तसं उभं राहिलं की प्रत्येक गोळीबरोबर तो आणखी मागे जातो.

मनगट ढिलं राहिलं तर नेमापुरतं नुकसान होऊन थांबत नाही. स्लाइड मागे जायची तर खालचा सांगाडा जागेवर थांबावा लागतो. हातच मागे गेला तर स्लाइडचा प्रवास अपुरा राहतो आणि रिकामं काडतूस बाहेर पडायच्या खिडकीत उभं अडकतं. हलक्या, प्लॅस्टिकच्या सांगाड्याच्या पिस्तुलांत हे जास्त होतं.

पडद्यावर सगळ्यात जास्त दिसणारी दुहेरी पकड वेगळीच असते. उजव्या हातात पिस्तूल आणि त्याखाली, कपाखाली बशी धरावी तसा, डावा तळहात. दिसायला ऐटदार. पण पिस्तूल वर उसळतं आणि ही बशी त्याला खालून आधार देते, म्हणजे ज्या दिशेला ते जाणारच नाही तिकडे. डाव्या हाताने उजवं मनगट धरणं हे त्याचंच भावंड. त्यात मनगट स्थिर होतं, मुठीतलं पिस्तूल मोकळंच राहतं. तिसरी चूक मात्र रक्त काढते. डावा अंगठा उजव्या हाताच्या मागून, बेचकीवरून आडवा घालतात. तिथून स्लाइड मागे येते आणि तिच्या खालच्या कडा अंगठ्याच्या सांध्यावर दोन समांतर चिरा पाडतात. रिव्हॉल्व्हरला स्लाइड नसते, त्यामुळे तिथे हे खपून जातं. म्हणूनच ही सवय रिव्हॉल्व्हरवरून पिस्तुलावर येणाऱ्यांत सापडते. उलट सवयही तितकीच वाईट. पिस्तुलावरचे पुढे टोक केलेले अंगठे रिव्हॉल्व्हरवर तसेच नेले, तर फिरत्या दंडगोलाच्या आणि नळीच्या मधल्या फटीतून निघणारा तापलेला वायू बोट भाजतो, मोठ्या काडतुसाला कापतोसुद्धा. रिव्हॉल्व्हरवर डावा अंगठा उजव्या अंगठ्यावर दाबून मागेच ठेवायचा.

उंच पकडीलाही एक अपवाद सांगायला हवा, कारण तो आपल्याकडच्या हत्याराचा आहे. इशापूरच्या कारखान्यात बनलेलं ९ मिमी ऑटो पिस्तूल म्हणजे ब्राउनिंग हाय-पॉवरची भारतीय आवृत्ती, १३ गोळ्यांच्या मॅगझिनची. फौजेत आणि पोलिसांत अनेक पिढ्यांनी वापरलेली. त्याची मागची शेपटी आखूड आहे आणि घोडा मागे येताना मांसल हाताच्या बेचकीला चिमटा काढतो. तिथे बेचकी एखादं सूत खाली घ्यावी लागते. सगळ्या हातांना आणि सगळ्या पिस्तुलांना एकच नियम लागू नाही, इतकंच. सामान्य परवानाधारकाला मात्र ही अडचण येणार नाही, कारण ९ मिमी हे आपल्याकडे प्रतिबंधित बोअर, म्हणजे सामान्य परवान्यावर न मिळणारं माप आहे. नागरिकाच्या हाती बहुधा .३२ (इंच) बोअरचं असतं.

दोन हातांची पकड आज इतकी सरावाची झाली आहे की जुन्या छायाचित्रांतले एका हाताने नेम धरणारे अधिकारी अडाणी वाटतात. ते अडाणी नव्हते. १९५० च्या दशकापर्यंत पिस्तूल एका हाताने झाडायचं हीच फौजेतली आणि पोलिसांतली रीत होती. लॉस एंजेलिस काउंटीतले डेप्युटी शेरिफ जॅक वीव्हर यांनी त्या दशकाच्या अखेरीस कॅलिफोर्नियातल्या बिग बेअरच्या स्पर्धांत दोन्ही हातांनी, पिस्तूल डोळ्यांसमोर आणून, साइट्स (पिस्तुलावरच्या नेम धरायच्या खुणा) पाहून गोळ्या झाडायला सुरुवात केली. बाकीचे कमरेवरून झटपट झाडत होते. वीव्हर जिंकू लागले आणि स्पर्धा भरवणारे जेफ कूपर यांनी त्यांची पद्धत लिहून, शिकवून पसरवली. दोन्ही हात समान लांब करून, अंगठे पुढे ठेवून धरायची आजची पकड अमेरिकी नेमबाज रॉब लीथम आणि ब्रायन ईनोस यांनी १९८० च्या दशकात स्पर्धांत रूढ केली. म्हणजे ही पकड तशी कालपरवाची.

महाराष्ट्रात बहुतेकांचा पिस्तुलाशी खरा संबंध येतो तो खेळातून. वरळीच्या किंवा बालेवाडीच्या रेंजवर, १० मीटर एअर पिस्तुलाने. आणि इथे वर सांगितलेलं निम्मं बाजूला ठेवावं लागतं. ऑलिंपिकच्या पिस्तूल प्रकारांत एकच हात वापरता येतो आणि मनगटाला कुठलाही आधार चालत नाही. घड्याळ, ब्रेसलेटसुद्धा नाही. हत्यार साधारण एक किलोचं, मर्यादा दीड किलो. चाप किमान ५०० ग्रॅमचा. ४.५ मिमीचा पेलेट (छर्रा) दीडशे-एकशेसाठ मीटर दर सेकंदाच्या वेगाने निघतो. उसळी जवळपास नाहीच. मग पकड कशासाठी?

इथे थोडं गणित आहे आणि ते एकदा नीट पाहिलं की बाकीचं सगळं त्यातून निघतं. लक्ष्यावरचा दहाचा गोल ११.५ मिमी व्यासाचा. पेलेटची कड त्याला टेकली तरी दहा मिळतात, म्हणजे पेलेटचा मध्य केंद्रापासून ८ मिमीपर्यंत सरकला तरी चालतं. आता हात डुलतो, आणि तो प्रत्येकाचा डुलतो. समजा अख्खं पिस्तूल, फोरसाइट (पुढची खूण) आणि बॅकसाइट (मागची खाच) एका रेषेत राखून, ८ मिमी डावीकडे सरकलं. पेलेटही ८ मिमीच सरकेल. दहा. पण मनगट वळलं आणि फोरसाइट बॅकसाइटच्या खाचेत पाव मिलिमीटर डावीकडे गेली तर? दोन साइट्समधलं अंतर सुमारे ३२० मिमी, लक्ष्य १०,००० मिमीवर. चूक तीसपट वाढते. पाव मिलिमीटरचे ८ मिमी होतात. अर्ध्या मिलिमीटरचे १६, म्हणजे सरळ आठ-नऊच्या घरात. हाताचं डुलणं माफ आहे, मनगटाचं वळणं नाही. पकडीचं सगळं काम हेच की साइट्सचं एकमेकींशी असलेलं नातं चाप सुटेपर्यंत, आणि सुटल्यावरही क्षणभर, बदलू नये. (ग्लॉकच्या साइट्समधलं अंतर जेमतेम १६५ मिमी. २५ मीटरवर तिथे एक मिलिमीटरची चूक दीडशे मिलिमीटरची होते. एवढ्या अंतरावरून पळत पळत कपाळाच्या मधोमध गोळी मारणाऱ्या नायकाबद्दल यापेक्षा जास्त काही लिहिण्याची गरज नाही.)

म्हणून एअर पिस्तुलाची मूठ अक्रोडाच्या लाकडाची, हाताच्या आकाराला कोरलेली असते. खाली तळहात टेकवायला सरकणारी फळी. मूठ विकत आणली तशी क्वचितच बसते. बोटांच्या पेरांशी टोचते तिथे कानस मारायची, पोकळी राहते तिथे लाकडाची लांबी (पुट्टी) भरायची, वाळली की पुन्हा घासायची. फळी फार वर घेतली तर हात चिमटला जातो आणि दहा मिनिटांत करंगळीला मुंग्या येतात. फार खाली राहिली तर प्रत्येक वेळी मूठ वेगळ्या उंचीवर बसते. मूठ बरोबर झाली का हे कळायची खूण सोपी आहे. पिस्तूल हातात बसवा, डोळे मिटा, हात खांद्याच्या उंचीला न्या, डोळे उघडा. फोरसाइट खाचेच्या मध्यावर असेल तर ठीक. सतत एका बाजूला दिसत असेल तर मनगटाने दुरुस्त करू नका. मूठ बदला किंवा फिरवा. मनगटाने केलेली दुरुस्ती साठ गोळ्या टिकत नाही, चाळिसाव्याला स्नायू थकतो आणि साइट आपल्या मूळ जागी जाते. साइट्स जुळलेल्या आहेत पण सगळंच पिस्तूल लक्ष्याच्या डावीकडे आहे, असं असेल तर मागचा पाय सरकवायचा. हात सरकवायचा नाही.

जोराची दिशा पुढून मागे. मधलं बोट आणि अनामिका मुठीला सरळ मागे, तळहाताच्या गादीत खेचतात. करंगळी नुसती टेकलेली. अंगठा विसावलेला, तो दाबला की फोरसाइट बाजूला जाते. तर्जनी लाकडाला कुठेही चिकटता कामा नये, आणि चापावर पहिल्या पेराच्या गादीचा मध्य. किती जोर लावायचा हे दुय्यम. पहिल्या गोळीला जो लावला तोच साठाव्याला लागला पाहिजे, हे मुख्य. ७५ मिनिटांत ६० गोळ्या म्हणजे एका गोळीला सव्वा मिनिट. तेवढ्यात घाई करायचं काहीच कारण नाही. पण हात वर गेल्यावरचा चांगला काळ सहा-आठ सेकंदांचा. दहा सेकंदांत चाप सुटला नाही तर हात खाली घ्यायचा. हे शिकायला नवख्याला सगळ्यात जास्त वेळ लागतो, कारण इतका वेळ धरून ठेवलेला नेम सोडून द्यायला जिवावर येतं.

२५ मीटर स्पोर्ट पिस्तुलाच्या वेगवान टप्प्यात तर दुरुस्तीला जागाच नाही. .२२ चं पिस्तूल, हात ४५ अंशांत खाली, लक्ष्य तीन सेकंद खुलं. तेवढ्यात हात वर, एक गोळी, पुन्हा खाली, सात सेकंद विश्रांती. पाच वेळा. पकड पहिल्या गोळीआधी जी बसवली तीच पाचव्यापर्यंत. कोल्हापूरच्या राही सरनोबतने २०१८ च्या आशियाई स्पर्धेत याच प्रकारात सुवर्ण घेतलं. आशियाई स्पर्धेत नेमबाजीचं सुवर्ण जिंकणारी ती पहिली भारतीय महिला. अंतिम फेरी बरोबरीत सुटून शूट-ऑफवर गेली होती. त्याआधी २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत याच प्रकारात अनिसा सय्यद सुवर्ण आणि राही रौप्य, आणि दोघींचं मिळून सांघिक सुवर्ण. त्या अंतिम फेऱ्यांचं चित्रण मिळालं तर चेहरा सोडून मनगट पाहावं. पिस्तूल खालून वर येताना मनगटाचा कोन बदलत नाही. सगळी हालचाल खांद्यातून होते.

२०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकनंतर एक नवा गैरसमज तयार झाला, तो चित्रपटाने नव्हे तर मोबाइलने. तुर्कस्तानचे ५१ वर्षांचे युसुफ दिकेच साधा टी-शर्ट, साधा चष्मा घालून, डावा हात खिशात ठेवून नेम धरताहेत, हे छायाचित्र जगभर फिरलं. शेजारी दक्षिण कोरियाची किम येजी, डोळ्यावर यंत्रमानवासारखी चौकट. लोकांनी निष्कर्ष काढला की एकीकडे यंत्र, दुसरीकडे अस्सल माणूस. दोघांनाही रौप्यच मिळालं हे त्यात कुणी पाहिलं नाही. ती चौकट दुर्बीण नसते. पिस्तूल प्रकारांत दृश्य मोठं करणारी साधनं चालतच नाहीत. तिच्यात नंबराची एक भिंग असते, फोरसाइट स्पष्ट दिसावी म्हणून. प्रकाश कमी-जास्त करायची झडप असते. आणि दुसऱ्या डोळ्यापुढे एक पडदा, ब्लाइंडर. एक डोळा मिटून ठेवला की मिटणारे स्नायू थकतात आणि उघडा डोळाही ताणला जातो, म्हणून तो झाकायचा. दिकेच दोन्ही डोळे उघडे ठेवून नेम धरतात. ती सरावाने जमणारी गोष्ट आहे, बंडखोरी नाही. आणि खिशातला हात? तो जवळपास प्रत्येकाचा खिशात किंवा पट्ट्यात असतो. लोंबता हात प्रत्येक श्वासाला झुलतो आणि शरीर त्याबरोबर. आपल्या मनू भाकरचाही डावा हात पाहावा.

तिरपं पिस्तूल, म्हणजे नव्वद अंशांत आडवं धरलेलं, हे तर निव्वळ कॅमेऱ्याचं अपत्य. साइट्स नळीच्या वर असतात आणि त्या उभ्या पिस्तुलासाठी जुळवलेल्या असतात. आडवं केलं की जी दुरुस्ती खाली-वर करायची ती डावी-उजवीकडे होते आणि उसळी बाजूला जाते. एका हाताने झाडताना आतल्या बाजूला दहा-पंधरा अंश कल चालतो, मनगटाला तो सोयीचाही पडतो. त्यापुढे नाही. दोन्ही हातांत दोन पिस्तुलं घेतली की डोळे एकाच फोरसाइटवर टिकू शकतात. दुसरं पिस्तूल आवाजापुरतं.

गोळी लागून माणूस काचेतून बाहेर उडतो, त्याचाही हिशोब सोपा आहे. ९ मिमीची गोळी आठ ग्रॅमची, वेग सेकंदाला ३५० मीटर. सत्तर किलोच्या माणसाला ती सगळा संवेग देऊन थांबली तरी त्याला मिळणारा वेग सेकंदाला चार सेंटिमीटर. त्याला उडवायला लागेल तेवढा धक्का झाडणाऱ्यालाही उलट दिशेने बसायला हवा, आणि नायक तर जागचा हलत नाही.

सायलेन्सरचा तो ‘फुस्स’ आवाज ध्वनिमिश्रकाची निर्मिती. पिस्तुलाचा आवाज १५५ ते १६० डेसिबलच्या आसपास असतो आणि चांगला सायलेन्सर त्यातले पंचवीस-तीस कमी करतो. उरलेला आवाज शेजारच्या खोलीतल्या माणसाला झोपू देणारा नाही. शिवाय गोळी ध्वनीपेक्षा वेगाने, म्हणजे सेकंदाला सुमारे ३४० मीटरच्या वर गेली तर हवेत तिचा वेगळा फटका बसतोच, आणि तो सायलेन्सर अडवू शकत नाही. रिव्हॉल्व्हरला सायलेन्सर लावलेला दिसला तर खुशाल हसावं. आवाज त्या मघाच्या फटीतून निघून जातो. (रशियाचं जुनं नागां रिव्हॉल्व्हर हा अपवाद, त्याचा दंडगोल झाडताना पुढे सरकून फट बुजवतो.) आवाजाचं दुसरं टोकही पडद्यावर गायब असतं. बंद खोलीत कानाला काही न लावता दहा गोळ्या झाडून लगेच कुजबुजत संवाद म्हणणारी माणसं. १४० डेसिबलच्या वरचा एकच स्फोट कानाला कायमची इजा करू शकतो. खोलीतल्या गोळीबारानंतर कुजबूज सोडा, हाकही धड ऐकू येत नाही.

धमकी देताना स्लाइड खेचायची, तीही दोन-तीनदा, हा आणखी एक आवाजाचा खेळ. नळीत गोळी असेल तर प्रत्येक खेचीला एक चांगलं काडतूस जमिनीवर पडतं. नसेल, तर इतका वेळ नायक रिकाम्या पिस्तुलाने धमकावत होता. घोडा बाहेरून दिसतच नाही अशा पिस्तुलातूनही घोडा चढवल्याचा आवाज येतो. गोळ्या संपल्यावर खट्-खट् होणं रिव्हॉल्व्हरचं. स्वयंचलित पिस्तुलाची स्लाइड शेवटच्या गोळीनंतर मागे अडकून राहते आणि चाप ओढला तरी काही वाजत नाही.

लग्नाच्या वरातीतला हवेतला गोळीबार पडद्यावरून रस्त्यावर आला की रस्त्यावरून पडद्यावर, हा वाद घालता येईल. वर गेलेली गोळी कुठेतरी खाली येतेच आणि तिरकी झाडलेली असेल तर जीव घेण्याइतका वेग तिच्यात उरतो. शस्त्र कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर इतरांचा जीव धोक्यात घालणाऱ्या अशा गोळीबाराला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही.

आता पुन्हा पकडीकडे, कारण सगळ्यात हट्टी चूक अजून राहिली आहे आणि ती पडद्यावर कधीच दिसत नाही. आवाज आणि धक्का येणार हे शरीराला कळलेलं असतं, म्हणून चाप सुटण्याच्या आधीच्या क्षणी मनगट खाली दाबतं, मूठ आवळते, डोळे मिटतात. रेंजवर याला जर्क म्हणतात. उजव्या माणसाच्या गोळ्या खाली डावीकडे जमू लागल्या की बहुधा हेच. नेमबाजाला स्वतःला ते जाणवत नाही, कारण त्याच क्षणी पिस्तूल उसळतं आणि सगळं झाकून टाकतं. पकडायचा एकच भरवशाचा उपाय आहे. मॅगझिन दुसऱ्याने भरायचं आणि मधेच कुठेतरी एक डमी काडतूस घालायचं. डमीवर चाप सुटला, स्फोट झाला नाही, आणि तरी नळीने खाली डुबकी मारली, की बघणाऱ्याला आणि झाडणाऱ्याला एकाच वेळी कळतं.

ती डुबकी काढायची ती गोळ्या झाडून निघत नाही, उलट पक्की होते. ती निघते कोऱ्या भिंतीसमोर. हत्यार रिकामं आहे हे डोळ्यांनी आणि बोटाने तपासायचं, काडतुसं खोलीत ठेवायचीच नाहीत, दुसऱ्या खोलीत कुलपात. भिंतीवर लक्ष्य लावायचं नाही. लक्ष्य असलं की डोळा तिकडे पळतो आणि फोरसाइट धूसर होते. पकड बसवायची, हात वर न्यायचा, नजर फोरसाइटच्या वरच्या कडेवर, आणि चापावरचा जोर इतक्या सावकाश वाढवायचा की तो नेमका कधी सुटेल ते आपल्याला ठरवता येऊ नये. सुटताना फोरसाइट खाचेत जिथे होती तिथेच राहिली का, एवढंच पाहायचं. पुढचे दोन सेकंद हात तसाच. मग खाली, पकड सोडायची, पुन्हा नव्याने बसवायची. बसवणं हाच सराव आहे, म्हणून एकदा बसवलेल्या पकडीवर वीस वेळा चाप ओढण्यात अर्थ नाही. वीस-पंचवीस मिनिटं पुरे, खांदा थकला की चुका पक्क्या होतात. एअर पिस्तुलांत बहुधा अशा कोरड्या, म्हणजे गोळीविना सरावासाठी वेगळी खिटी असते. .२२ च्या पिस्तुलात मात्र खोटं काडतूस घातल्याशिवाय चाप ओढू नये. तिथे टाचणी काडतुसाच्या कडेवर आदळते, आणि काडतूस नसेल तर नळीच्या मागच्या कडेच्या धातूवर. काही महिन्यांत तिथे खळगा पडतो आणि मग खरी काडतुसं अडकायला लागतात.